छायालेखकाचे कर्तेपण : अविनाश अरुण यांच्या चित्रपटीय कारकिर्दीचा चिकित्सक अभ्यास

प्रस्तावना

अजिंठ्याच्या सोळा क्रमांकाच्या लेण्यात एक शिलालेख आहे. वाकाटक नृपती हरिषेण याचा सचिव वराहदेव याने हे लेणे भिक्षुसंघास अर्पण केल्याची नोंद त्यात आहे. सव्वीस क्रमांकाच्या लेण्यातील लेखात भिक्षू बुद्धभद्राचे नाव येते. दान देणाऱ्यांची नावे अशा रीतीने पंधराशे वर्षे टिकून राहिली. एक क्रमांकाच्या लेण्यातील पद्मपाणी ज्याने रंगविला, त्याचे नाव मात्र आपणास ठाऊक नाही. प्राचीन कलेच्या संदर्भात या अनामिकतेचा आपण गौरवाने उल्लेख करतो. कलावंताने आपले नाव धर्मकार्यात विलीन केले, असे आपण वर्गात सांगतो व विद्यार्थी ते उत्तरपत्रिकेत लिहितात.

हाच न्याय आपण आजच्या कलेलाही नकळत लावत असतो, याची जाणीव प्रस्तुत लेखकाला वर्गातच झाली. पदवीच्या वर्गात ‘साहित्याचे माध्यमांतर’ हा घटक शिकविताना ‘फँड्री’ (२०१३) या चित्रपटावर चर्चा चालू होती. कथानक, जातवास्तव, शेवटचा भिरकावलेला दगड हे सारे मुद्दे झाले. लग्नसराईत व्हिडिओ शूटिंगची कामे करून शिक्षणाचा खर्च भागविणारा एक विद्यार्थी उठून म्हणाला, “सर, यात कॅमेरा कुणाचा आहे?” प्रश्न सरळ होता. उत्तर देता आले नाही. विक्रम अमलाडी हे नाव नंतर शोधून काढावे लागले. ज्या चित्रपटावर दोन तासिका बोललो, त्यातील प्रत्येक दृश्य ज्याच्या नजरेतून आले, त्याचे नाव शिक्षकाला माहीत नव्हते. मराठी चित्रपटसमीक्षेत कथा आणि दिग्दर्शक यांच्यावर पाने लिहिली जातात. छायालेखकाच्या वाट्याला बहुधा ‘छायाचित्रण नेत्रसुखद आहे’ एवढे एक वाक्य येते. प्रस्तुत लेख या उणिवेची अंशतः भरपाई करण्याचा प्रयत्न आहे.

अभ्यासविषय आणि मर्यादा

या लेखात अविनाश अरुण (धावरे) यांच्या कारकिर्दीचा विचार केला आहे. ते पुण्याच्या भारतीय चित्रपट आणि दूरचित्रवाणी संस्थेत छायाचित्रणाचे शिक्षण घेतलेले छायालेखक असून दिग्दर्शकही आहेत. त्यांच्या निवडीमागे दोन कारणे आहेत. एक म्हणजे, स्वतंत्र निर्मितीचे चित्रपट आणि व्यावसायिक चित्रपट या दोन्ही क्षेत्रांत त्यांनी काम केले आहे. त्यामुळे ‘स्वतंत्र’ या विशेषणाची तपासणी त्यांच्या कामावरून करता येते. दुसरे म्हणजे, छायालेखक दिग्दर्शक झाला की समीक्षेचा सूर कसा बदलतो, हे त्यांच्या उदाहरणावरून स्पष्ट होते. ‘किल्ला’ (२०१४), ‘मसान’ (२०१५) आणि ‘थ्री ऑफ अस’ (२०२२) या तीन चित्रपटांवर विवेचनाचा भर आहे. उपकरणे, भिंगे इत्यादी तांत्रिक तपशिलांपेक्षा पडद्यावर प्रत्यक्ष दिसणाऱ्या गोष्टींचाच आधार घेतला आहे.

१. छाया की प्रकाश?

फोटोग्राफीला मराठीत दोन नावे मिळाली : प्रकाशचित्रण आणि छायाचित्रण. एकाच क्रियेला एका नावाने प्रकाश म्हटले, दुसऱ्याने सावली. पहिले नाव हळूहळू मागे पडले आणि दुसरे रूढ झाले. चित्रपटाच्या श्रेयनामावलीत ‘छायाचित्रण’ व ‘छायालेखन’ हे शब्द आजही दिसतात. यांपैकी ‘छायालेखन’ हा शब्द अधिक अर्थवाही आहे. सावली ही लिहिण्याची गोष्ट आहे, म्हणजे तिच्यात निवड आहे, क्रम आहे, गाळणेही आहे, असे त्यातून सूचित होते. काय दाखवावे याइतकेच काय अंधारात राहू द्यावे, हा निर्णय छायालेखकाचा असतो. तो निर्णय जर लेखन असेल, तर तो घेणारा लेखक ठरतो. मग त्याच्या कर्तेपणाची चर्चा टाळता येत नाही.

अजिंठ्याच्या परिसरात राहणाऱ्याला हा मुद्दा वेगळ्या अनुभवातून समजतो. वाघुर नदीच्या नालाकृती वळणावर कोरलेल्या या लेण्यांत बाहेरच्या उन्हातून आत शिरले की पहिली काही मिनिटे काहीच दिसत नाही. डोळे स्थिरावले की भिंतीतून हळूहळू एक हात, एक मुकुट, अर्धोन्मीलित डोळे वर येतात. या चित्रांत आकृतींच्या सावल्या जमिनीवर पडत नाहीत. नाकाच्या शेंड्यावर, ओठावर, हनुवटीवर उजळ रंगाचा स्पर्श देऊन उठाव आणला आहे. प्राचीन चित्रशास्त्रात छटांच्या या योजनेला ‘वर्तना’ म्हटले आहे. येथे प्रकाश कोणत्याही एका दिशेकडून येत नाही. तो आकृतीचाच गुण आहे.

कॅमेऱ्याला ही मोकळीक नाही. त्याला प्रकाश कोठून तरी आणावा लागतो. अजिंठ्याच्या प्रतिकृतींचा इतिहास याची साक्ष देतो. मेजर रॉबर्ट गिल यांची १८४४ मध्ये चित्रांच्या प्रतिकृती करण्यासाठी नेमणूक झाली. त्यांनी तैलरंगात केलेल्या प्रतिकृतींपैकी बहुतेक १८६६ मध्ये लंडनजवळच्या क्रिस्टल पॅलेसच्या आगीत जळाल्या. गिल यांनी पुढे कॅमेराही हाती घेतला, आणि त्यांची छायाचित्रे १८६४ मध्ये जेम्स फर्ग्युसन यांच्या मजकुरासह प्रसिद्ध झाली. त्यानंतर मुंबईच्या कलाशाळेचे जॉन ग्रिफिथ्स व त्यांच्या विद्यार्थ्यांनी १८७२ ते १८८५ या काळात पुन्हा प्रतिकृती केल्या. त्यांतील अनेक १८८५ च्या लंडनमधील आगीत गेल्या. विसाव्या शतकाच्या अखेरीस, १९९१-९२ च्या सुमारास, बिनॉय बहल यांनी झगझगीत दिवे न वापरता, लेण्यांतील अल्प प्रकाशातच दीर्घकाळ भिंग उघडे ठेवून ही चित्रे टिपली, आणि भिंतीवरील रंग वाचकांना प्रथमच त्यांच्या मूळ सौम्यतेसह पाहता आले. येथे एक तत्त्व हाती लागते. प्रकाश वाढवून वस्तू दाखविता येते. पण तिच्या वाट्याला आलेल्या प्रकाशातच ती पाहण्याची तयारी ठेवली, तर तिच्या असण्याची परिस्थितीही चित्रात येते. अविनाश अरुण यांच्या कामाकडे याच तत्त्वाच्या आधारे पाहावयाचे आहे.

२. पूर्वपरंपरा : कॅमेरामागचा माणूस

मराठी माणसाच्या चित्रपटनिर्मितीचा आरंभच छायाचित्रणाच्या व्यवसायातून झाला. दादासाहेब फाळके यांनी पुरातत्त्व खात्यात आरेखक व छायाचित्रकार म्हणून नोकरी केली होती. ‘राजा हरिश्चंद्र’ (१९१३) या चित्रपटाचा कॅमेरा त्र्यंबक तेलंग यांनी चालविला. फाळक्यांचे नाव राष्ट्रीय पुरस्काराला दिले गेले. तेलंगांचे नाव अभ्यासकांच्या तळटीपेत राहिले. कोल्हापुरात बाबूराव पेंटर यांनी तर कॅमेराच स्वतः बनविला. त्यांच्या तालमीत तयार झालेल्या मंडळींनी १९२९ मध्ये प्रभात फिल्म कंपनी स्थापन केली. तिच्या संस्थापकांपैकी केशवराव धायबर हे कॅमेऱ्याचे जाणकार होते. ‘संत तुकाराम’ (१९३६) आपण दामले-फत्तेलाल यांच्या नावाने ओळखतो व विष्णुपंत पागनीसांच्या चेहऱ्याने आठवतो. तो चेहरा टिपणारे व्ही. अवधूत आपल्या स्मरणात नाहीत.

या काळातील छायालेखक कंपनीचा पगारी माणूस होता. स्टुडिओ व्यवस्था मोडल्यानंतर तो चित्रपटागणिक करार करणारा कारागीर झाला. दोन हजारच्या दशकात मराठी चित्रपटाने जे नवे वळण घेतले, त्यात पुण्याच्या संस्थेत शिकलेल्या तंत्रज्ञांचा मोठा वाटा आहे. उमेश कुलकर्णी यांच्या ‘वळू’ (२००८) व ‘विहीर’ (२००९) या चित्रपटांचे छायालेखन सुधीर पलसाने यांनी, तर ‘देऊळ’चे (२०११) सुधाकर रेड्डी यक्कंटी यांनी केले. ‘विहीर’मधील पाणी, काळोख आणि लपाछपीचा खेळ यांतून मृत्यूचे जे आकलन होते, ते संवादांपेक्षा चित्रचौकटीतून अधिक होते. अविनाश अरुण यांचे काम या पार्श्वभूमीवर उभे आहे.

३. ‘किल्ला’ : मुलाच्या उंचीवरून

‘किल्ला’ हा अविनाश अरुण यांचा दिग्दर्शक म्हणून पहिला चित्रपट. कथा त्यांची आणि छायालेखनही त्यांचेच. २०१४ च्या बर्लिन महोत्सवात बालचित्रपट विभागात मुलांच्या परीक्षक मंडळाने त्यास स्फटिक अस्वल हा पुरस्कार दिला. ६२ व्या राष्ट्रीय पुरस्कारांत तो सर्वोत्कृष्ट मराठी चित्रपट ठरला. वडिलांच्या मृत्यूनंतर आईच्या बदलीमुळे पुण्याहून कोकणातील एका लहान गावी आलेला चिन्मय हा त्याचा नायक आहे. आई महसूल खात्यात अधिकारी आहे. नवी शाळा, नवे सवंगडी, आणि घरात दोघांनाही उच्चारता न येणारे दुःख, एवढाच कथेचा ऐवज आहे.

घटनांचे प्रमाण एवढे अल्प असताना चित्रपटाचा भार छायालेखनाने उचलला आहे. संपूर्ण चित्रपटभर पाऊस आहे. मराठी चित्रपटात पाऊस बहुधा गाण्यासाठी येतो किंवा संकट म्हणून येतो. येथे तो प्रकाशाचा प्रकार म्हणून येतो. ढगाळ दिवसाचा प्रकाश सर्व बाजूंनी सारखा पडतो, सावल्या पुसट करतो, आणि सकाळ-दुपार यांतील भेद पुसून टाकतो. पितृवियोगानंतर मुलाच्या मनात काळ जसा साचून राहतो, तसाच तो या प्रकाशात साचलेला दिसतो. आईच्या सरकारी कचेरीतील आणि घरातील प्रसंगही याच राखाडी उजेडात घेतले असल्याने तिचा एकटेपणा आणि मुलाचा एकटेपणा एकाच हवामानाचे भाग होतात. संवादातून जे नाते जोडता येत नाही, ते उजेडाने जोडले आहे.

किल्ल्यावरील प्रसंग हा या शैलीचा परिपाक होय. मुले सायकलींची शर्यत लावत किल्ल्यावर जातात. पाऊस कोसळू लागतो, सवंगडी निघून जातात आणि चिन्मय मागे एकटा राहतो. ऐतिहासिक वास्तू दाखविताना आपल्याकडील कॅमेरा सहसा उंचावरून फिरतो व बुरुजांची भव्यता नोंदवितो. येथे तो मुलाच्या उंचीवर राहतो. दगड, शेवाळ, पाणी आणि अपुरा उजेड यांपलीकडे त्याला काही कळत नाही, कारण चिन्मयलाही कळत नाही. किल्ल्याचे नाव, त्याचा इतिहास यांची प्रेक्षकाला आठवणही होत नाही. मराठी मनात ‘किल्ला’ हा शब्द पराक्रमाशी इतका निगडित आहे, की त्याच शब्दाला एका भेदरलेल्या मुलाच्या अनुभवाशी जोडणे हे या छायालेखनाचे मोठे कार्य ठरते.

४. ‘मसान’ : दुसऱ्याच्या गोष्टीतील डोळा

छायालेखकाची खरी परीक्षा दुसऱ्याच्या चित्रपटात होते. नीरज घायवान दिग्दर्शित ‘मसान’ला २०१५ च्या कान महोत्सवात ‘अं सर्तें रगार’ या विभागात आंतरराष्ट्रीय समीक्षक संघटनेचा पुरस्कार व पदार्पणाचा पुरस्कार असे दोन सन्मान मिळाले. लेखन वरुण ग्रोवर यांचे. वाराणसीच्या घाटावर प्रेतदहनाचे काम करणाऱ्या डोम कुटुंबातील दीपक आणि पोलिसी छळाला तोंड देणारी देवी यांच्या समांतर कथा त्यात आहेत.

वाराणसी हे कॅमेऱ्यासाठी अतिपरिचयाने झिजलेले स्थळ आहे. आरतीचे दिवे, साधूंचे चेहरे, पहाटेची नौका ही चित्रे पर्यटन पुस्तिकांतून घराघरांत पोचली आहेत. ‘मसान’मध्ये गंगा सतत आहे, पण तिच्याकडे दर्शनार्थीच्या नजरेने क्वचितच पाहिले जाते. घाट हे येथे कामाचे ठिकाण आहे. चिता ही दीपकच्या घराण्याची रोजीरोटी आहे, आणि पडद्यावर तीच धुराचा व उजेडाचा उगमही आहे. ज्याच्या हातून इतरांना मोक्ष मिळतो, त्याच्या अंगावर पडणारा प्रकाशही त्याच्या जातीने नेमून दिलेल्या कामातून येतो, ही गोष्ट कोणत्याही पात्राला बोलून दाखवावी लागत नाही.

या पार्श्वभूमीवर दुर्गापूजेच्या जत्रेतील लाल फुग्यांचा प्रसंग महत्त्वाचा वाटतो. दीपक आणि शालू यांच्या प्रेमाचा तो क्षण रंगाने उजळलेला आहे. राख, धूर, नदी यांच्या करड्या पटावर लाल रंग एकदम उठून दिसतो आणि लगेच हवेत तरंगत दूर जातो. प्रतीक म्हणून फुगा नवा नाही. तो परिणामकारक ठरतो तो आधीच्या तासाभरात रंगाच्या बाबतीत पाळलेल्या काटकसरीमुळे. ही काटकसर दिग्दर्शकाची की छायालेखकाची, असे विचारले जाईल. चित्रपट ही सामूहिक कला असल्याने असे वाटप करता येत नाही, हे खरेच. परंतु ‘वाटप करता येत नाही’ या सबबीवर सर्व श्रेय एकाच नावावर जमा करणे हेही शास्त्रशुद्ध नव्हे.

५. ‘स्वतंत्र’ या शब्दाचा अर्थ

‘मसान’च्या वर्षीच, म्हणजे २०१५ मध्ये, निशिकांत कामत दिग्दर्शित ‘दृश्यम’ प्रदर्शित झाला. मल्याळम चित्रपटावर बेतलेला हा मोठ्या नटसंचाचा हिंदी व्यावसायिक चित्रपट होता, आणि त्याचे छायालेखनही अविनाश अरुण यांचेच. पुढे कामत यांचा ‘मदारी’ (२०१६), तसेच ‘हिचकी’ (२०१८), ‘कारवाँ’ (२०१८) हे चित्रपट त्यांनी केले. २०२० मध्ये ‘पाताल लोक’ या वेबमालिकेचे दिग्दर्शन त्यांनी प्रोसित रॉय यांच्यासमवेत केले. २०२५ मध्ये आलेल्या तिच्या दुसऱ्या पर्वाचे दिग्दर्शन त्यांनी केले.

या यादीवरून काही अभ्यासक असा निष्कर्ष काढतील, की स्वतंत्र चित्रपटाचा हा छायालेखक व्यवसायाकडे वळला. प्रस्तुत लेखकाला हा निष्कर्ष घाईचा वाटतो. कवीला कविता लिहिण्यासाठी कागद पुरतो व तो पोटासाठी महाविद्यालयात शिकवितो. त्यामुळे आपण त्याच्या कवितेला कमी स्वतंत्र मानत नाही. छायालेखकाला स्वतःच्या कलेचा सराव करण्यासाठीही कॅमेरा, दिवे व पन्नास माणसांचा ताफा लागतो, आणि तो सगळा दुसऱ्याच्या पैशांवर उभा असतो. छायालेखकाच्या बाबतीत स्वातंत्र्य हा माणसाला चिकटलेला कायमचा गुण मानता येत नाही. ते प्रत्येक चित्रपटात, त्यातील प्रत्येक प्रसंगात पुन्हा मिळवावे लागते. ‘दृश्यम’सारख्या रहस्यपटात प्रेक्षकाला कथेचे धागे स्पष्ट दिसणे आवश्यक असते. तेथे अंधार राखून ठेवण्याची मुभा फार थोडी. तेथील कौशल्य निर्विवाद आहे. परंतु ‘किल्ला’तील उजेडासारखी स्वतःची बाजू त्या चौकटी मांडत नाहीत. हा दोष व्यक्तीचा नसून कराराचा आहे, आणि समीक्षकाने दोहोंत फरक केला पाहिजे.

६. ‘थ्री ऑफ अस’ : पुसट होत जाणारे

‘थ्री ऑफ अस’ २०२२ मध्ये गोव्याच्या भारतीय आंतरराष्ट्रीय चित्रपट महोत्सवात दाखविला गेला व नोव्हेंबर २०२३ मध्ये चित्रपटगृहांत आला. दिग्दर्शन व छायालेखन पुन्हा अविनाश अरुण यांचे. छायालेखनासाठी त्यांना २०२४ मध्ये फिल्मफेअर पुरस्कार मिळाला. भाषा हिंदी असली तरी मन वेंगुर्ल्याचे आहे. स्मृतिभ्रंशाची सुरुवात झालेली शैलजा (शेफाली शाह) पती दीपांकर (स्वानंद किरकिरे) यांच्यासह बालपणीच्या गावी येते आणि शाळेतील मित्र प्रदीप कामत (जयदीप अहलावत) याला भेटते.

स्मृतिभ्रंश दाखविण्याचे काही ठरीव मार्ग चित्रपटाने प्रचलित केले आहेत : धूसर चौकट, थरथरता कॅमेरा, रंग उडालेली भूतकाळातील दृश्ये. येथे हे टाळले आहे. चौकटी स्थिर आहेत व वस्तू स्वच्छ दिसतात. शैलजा एखाद्या दाराशी, अंगणाशी, विहिरीपाशी येऊन थांबते आणि कॅमेरा तिच्याबरोबर थांबतो. ती आठवते आहे की विसरते आहे, हे आपल्याला कळत नाही. स्थळ जागच्या जागी आहे. जाणार आहे ते पाहणाऱ्याच्या मनातून. त्यामुळे स्वच्छ, स्थिर दृश्यच येथे अधिक करुण होते. ‘किल्ला’तील मुलाला नवे गाव ओळखीचे करून घ्यायचे होते, येथील प्रौढ स्त्रीला ओळखीच्या गावाचा निरोप घ्यायचा आहे. एकाच किनाऱ्यावरील या दोन चित्रपटांच्या मध्ये सुमारे आठ वर्षांचे अंतर आहे आणि तेवढ्या काळात छायालेखकाची नजर अधिक संयमी झालेली दिसते. अखेरच्या भागात जत्रेतील पाळण्यात बसलेल्या शैलजा आणि प्रदीप यांच्या संभाषणात हा संयम विशेष जाणवतो. उंची, वारा, खालचे गाव दाखविण्याचा मोह तेथे सहज होता. पण लक्ष चेहऱ्यांवरून फारसे हलत नाही.

७. आक्षेप : सौंदर्याचा मोह

गौरवाबरोबर आक्षेपाची नोंद केली नाही तर समीक्षा अपुरी राहते. अविनाश अरुण यांच्या दोन्ही कोकणपटांवर एक आक्षेप घेता येतो : त्यांतील दुःख सुंदर आहे. ओली कौले, हिरवे उतार, फेसाळता समुद्र ही दृश्ये पात्राच्या मनःस्थितीशी जोडलेली असली, तरी काही ठिकाणी ती पात्राला मागे टाकून स्वतःच बोलू लागतात. ‘किल्ला’त चिन्मय मच्छीमाराच्या नावेतून समुद्रावर जातो, त्या भागात मुलाच्या साहसापेक्षा समुद्राचे दर्शन वरचढ ठरते. मराठवाड्यातील प्रेक्षकाला हे अधिक जाणवते. पावसाळी कोकणात कॅमेरा कोठेही ठेवला तरी चौकट भरते. एप्रिलमध्ये सिल्लोड-सोयगावच्या रस्त्यावर कॅमेरा ठेवला तर पांढरे ऊन, करपलेले बांध आणि धूळ याखेरीज हाती काही लागत नाही. त्या उन्हातून अर्थ काढणे ही वेगळी साधना आहे.

तिची उदाहरणे त्याच काळातील मराठी चित्रपटात आहेत. ‘फँड्री’त विक्रम अमलाडी यांनी कोरडे माळरान, काटेरी झुडपे आणि भर दिवसाचा निर्दय उजेड टिपला. डुक्कर पकडण्याच्या अखेरच्या प्रसंगात लपायला सावलीच नाही, हीच जब्याची शोकांतिका आहे. ‘कोर्ट’मध्ये (२०१४) मृणाल देसाई यांनी कॅमेरा दूर व निश्चल ठेवला. न्यायालयाच्या खोलीतील रूक्ष उजेडात सर्वजण सारखेच लहान दिसतात, आणि व्यवस्थेचे स्वरूप त्या अंतरातून प्रकट होते. ६२ व्या राष्ट्रीय पुरस्कारांत ‘कोर्ट’ सर्वोत्कृष्ट चित्रपट आणि ‘किल्ला’ सर्वोत्कृष्ट मराठी चित्रपट ठरला. एकाच वर्षी सन्मानित झालेल्या या दोन चित्रपटांतील छायालेखनाच्या भूमिका परस्परविरोधी आहेत. एक हवामानात मिसळतो, दुसरा मिसळण्यास नकार देतो. ‘किल्ला’च्या सौंदर्यावरील आक्षेप ‘कोर्ट’शेजारी ठेवल्यावरच नीट कळतो.

असे असले तरी हा आक्षेप ‘मसान’ला लागू होत नाही, ही बाब लक्षणीय आहे. दुसऱ्याच्या कथेत, दुसऱ्याच्या शिस्तीत काम करताना या छायालेखकाने सौंदर्याला लगाम घातला. स्वतःच्या पहिल्या चित्रपटात तो काहीसा सैल सुटला. म्हणजे दिग्दर्शक होणे ही छायालेखकाची पदोन्नती असते, हे आपले गृहीतक तपासून पाहावे लागेल.

८. कर्तेपणाचा प्रश्न

या गृहीतकाचे दुष्परिणाम व्यवहारात दिसतात. सुधाकर रेड्डी यक्कंटी यांनी ‘देऊळ’ आणि ‘सैराट’ (२०१६) यांचे छायालेखन केले. ‘सैराट’च्या पूर्वार्धातील मोकळे आकाश आणि उत्तरार्धातील हैदराबादच्या वस्तीतील कोंदट खोली यांतील विरोधावर त्या चित्रपटाची रचना उभी आहे. तरीही यक्कंटी यांच्याविषयी स्वतंत्रपणे बोलणे सुरू झाले ते त्यांनी ‘नाळ’ (२०१८) दिग्दर्शित केल्यावर, आणि त्यास पदार्पणातील दिग्दर्शनाचा राष्ट्रीय पुरस्कार मिळाल्यावर. अविनाश अरुण यांच्यावर लेख लिहिला जातो, प्रस्तुत लेखही त्यात आला, तो बऱ्याच अंशी ते दिग्दर्शक आहेत म्हणून. पलसाने, अमलाडी, देसाई यांच्या छायालेखनावर स्वतंत्र लेख अभावानेच आढळतात. शिलालेखात नाव यायचे असेल तर दाता व्हावे लागते, ही जुनी रीत आपण वेगळ्या स्वरूपात चालू ठेवली आहे.

समारोप

वरील विवेचनातून पुढील निष्कर्ष हाती येतात.

१) अविनाश अरुण यांच्या छायालेखनाचा गाभा म्हणजे पात्राच्या वाट्याला आलेल्या प्रकाशातच पात्राला पाहणे. ‘किल्ला’तील ढगाळ उजेड, ‘मसान’मधील चितेचा उजेड व ‘थ्री ऑफ अस’मधील स्थिर स्वच्छता ही या एकाच वृत्तीची तीन रूपे आहेत.

२) निसर्गसौंदर्याचा अतिरेक ही या शैलीची मर्यादा असून ती स्वतःच्या दिग्दर्शनात अधिक व दुसऱ्याच्या दिग्दर्शनात कमी दिसते.

३) ‘स्वतंत्र छायालेखक’ ही संज्ञा व्यक्तीपेक्षा कलाकृतीतील निर्णयांना लावणे अधिक युक्त ठरते.

४) मराठी चित्रपटसमीक्षेने व महाविद्यालयीन अध्यापनाने छायालेखकाला सहकर्ता मानून त्याच्या कामाचे स्वतंत्र वाचन करणे आवश्यक आहे.

यांतील शेवटचा निष्कर्ष आपणा अध्यापकांच्या हातातला आहे. माध्यमांतराचा घटक शिकविताना कादंबरीतील काय गळले व काय वाढले याची यादी देऊन आपण थांबतो. त्याऐवजी एखादा प्रसंग आवाज बंद करून दाखवावा आणि उजेड कोठून येतो, कॅमेरा कोणाच्या उंचीवर आहे, चौकटीबाहेर काय ठेवले आहे, हे तीन प्रश्न विचारावेत. ग्रामीण महाविद्यालयांत हा अभ्यास परका ठरणार नाही. आपल्या वर्गांतील कित्येक मुले आज कॅमेऱ्यावर पोट भरत आहेत. मांडवातील दिवे, हळदीच्या दिवशीचे कडक ऊन, वरातीतील अंधार यांच्याशी त्यांची रोजची झटापट आहे. ते काम करताना आपण एका कलेच्या परंपरेत उभे आहोत, हे त्यांना कोणी सांगितलेले नसते. ज्या विद्यार्थ्याने तो प्रश्न विचारला होता, त्याला विक्रम अमलाडी हे नाव आठवडाभराने सांगितले. त्याने ते वहीच्या शेवटच्या पानावर लिहून घेतले. पुढच्या वर्षीपासून ते नाव फळ्यावर, दिग्दर्शकाच्या नावाशेजारी लिहिले जाईल, एवढी दुरुस्ती तरी प्रस्तुत लेखकाने आपल्यापुरती केली आहे.